अंगाले काही बांधू नोको

कोंढा, ता. पवनी
७ नोव्हेंबर २०२४

चि. तृप्तीस,
सप्रेम जय भीम.

तुझं पत्र पोळ्याच्या आठवड्यात आलं आणि उत्तर मी आज लिहीत आहे. दोन महिने उलटून गेले. राग मानू नको. आधी बांधीतल्या धानावर कीड आली, मग कापणी आली, मग चष्म्याची काडी मोडली, असं मी तुला लिहू शकतो आणि त्यातलं काही खोटं नाही. पण खरं कारण वेगळं आहे. पत्र लिहायला बसलो की जे विचारायचं आहे तेच आधी लिहावं लागेल, असं वाटून मी वही मिटत होतो.

तुझ्या आईच्या गुडघ्याचं वाचलं. बायजाला सांग, भावाचंही काही बरं नाही. उजवा कान पूर्ण गेला, डाव्यात कोणी ओरडलं तर थोडं कळतं. एकतीस वर्षं राइस मिलच्या इंजिनाजवळ काढली, त्याचं हे फळ. फोन हातात असतो, पण त्यातून मला फक्त खरखर येते. म्हणून घरात पाटी ठेवली आहे. ज्याला बोलायचं तो लिहून दाखवतो. तुझी मामी असती तर पाटीची गरज पडली नसती, ती नुसत्या डोळ्यांनी बोलायची. आता सून रीना लिहायची, तर तीही सातव्या महिन्याची म्हणून सानगडीला माहेरी गेली. सध्या घरात मी एकटा.

आता विचारायचं ते विचारतो. माझा अश्विन मार्चपासून तुमसरकडच्या कारखान्यात लागला हे तुला माहीत आहे. तिथे धानाची भुसी जाळून वीज करतात. भुसी साठवायला उंच लोखंडी टाकी आहे, तिला सायलो म्हणतात. त्या टाकीला चिकटून सरळ उभी शिडी आहे, साठ फूट. अर्ध्यावर, तीस फुटांवर, दम घ्यायला एक फलाट. शिडीच्या पाठीमागून लोखंडी कड्यांचा पिंजरा आहे, माणूस त्याच्या आतून चढतो. मला एकदा अश्विनने गेटबाहेरून ते सगळं दाखवलं होतं. शिडी पाहून मी भ्यालो, पण पिंजरा पाहून थोडा धीर आला. मागे कठडा आहे, पोरगा पडणार कुठे, असं मनाला समजावलं.

गेल्या रविवारी तो घरी आला आणि पाटीवर लिहिलं, “डिसेंबरात शटडाऊन हाय. सायलोचा पिंजरा कापून टाकून राहिले.” लिहून हसत होता. मी विचारलं, काहून? त्याने लिहिलं, “नवा नियम.” जेवून, पाटी पुसून, तो सहाच्या बसने निघून गेला.

तृप्ती, तू बुटीबोरीला सेफ्टीची साहेब आहेस. असा कोणता नियम असतो की माणसाच्या पाठीमागचा आधार कापून टाकायचा? लोखंड विकून खाणार आहेत काय? मी कारखान्याच्या मॅनेजरला अर्ज लिहायला घेतला आहे, चार पानं झाली. तो पाठवू की नको ते सांग. आमच्या मिलमध्ये एक माणूस शिडीवरून गेला होता, मी डोळ्यांनी पाहिलं आहे. मला या गोष्टी सहन होत नाहीत.

रीनाला यातलं काही कळवू नको.

तुझा मामा,
आनंदराव


बुटीबोरी
१६ नोव्हेंबर २०२४

आदरणीय मामाजींना,
सविनय जय भीम.

पत्र उशिरा आलं म्हणून आई रुसली होती, वाचून दाखवल्यावर रुसवा गेला. ती म्हणते, “भाऊ लहानपणापासून भेवकट. म्हैस उठली तरी खाटेवर चढे.” हे तिने मुद्दाम लिहायला सांगितलं आहे.

आधी अर्जाचं. मामाजी, तो पाठवू नका. अश्विनच्या लग्नात “घोडी बिचकेल, हळू वाजवा” म्हणून तुम्ही बँडवाल्याला दोन पानी अर्ज दिला होता, आणि तेव्हा तुम्हाला तर बँड ऐकूही येत नव्हता. अश्विन नोकरीत एक वर्ष कच्चा आहे, मार्चमध्ये पक्का होईल. बापाचा चार पानी अर्ज मॅनेजरच्या टेबलावर गेला तर पोरं त्याला जन्मभर चिडवतील.

आता पिंजऱ्याचं नीट सांगते, कारण इथे तुमची समजूत उलटी आहे आणि ती तुमच्या एकट्याची नाही. मीही नोकरीला लागले तेव्हा पिंजरा पाहून मला असाच धीर वाटायचा. पण पिंजरा माणसाला धरत नाही. पाय सुटला तर माणूस मागे पडायच्या ऐवजी त्या कड्यांच्या आतून सरळ खाली जातो, जाताना कड्यांवर आपटत जातो. कधी हात किंवा पाय कड्यात अडकतो आणि बाकीचं शरीर खाली लोंबतं. मग त्याला सोडवायला वर जाणाऱ्यालाही त्या कड्यांमुळे जागा मिळत नाही. अमेरिकेत आता चोवीस फुटांहून उंच नव्या शिडीवर नुसत्या पिंजऱ्याला बचाव मानतच नाहीत. आपल्याकडे अजून कित्येक ठिकाणी पिंजऱ्यावरच काम चालतं. अश्विनचा कारखाना तो काढून चांगली व्यवस्था बसवतो आहे, ही आनंदाची गोष्ट आहे.

व्यवस्था अशी. शिडीच्या मधोमध वरपासून खालपर्यंत एक लोखंडी रूळ बसवतात. रुळावर एक छोटा गाडा सरकतो. माणसाच्या छातीला आणि मांड्यांना पट्टा असतो, त्याच्या पुढच्या कडीत गाड्याचा हूक लावायचा. तुम्ही चढलात की गाडा सोबत चढतो, उतरलात की उतरतो. पाय घसरून झटका बसला की गाडा जागच्या जागी रूळ पकडतो आणि माणूस वीतभरापेक्षा फार खाली जात नाही. आमच्या धर्मेंद्रदादाच्या चारचाकीत तुम्ही पुढे बसला होतात ना, पट्टा हळू ओढला की येत होता आणि जोरात ओढला की अडत होता? तुम्ही त्याच्यावर चिडला होतात. तसंच हे आहे.

तेव्हा शांत झोपा. अश्विनला पट्टा मिळाला आहे, त्याचं शिक्षणही झालं आहे. सायलोवर तो पट्टा लावूनच चढेल, त्याशिवाय त्याला कोणी चढू देणार नाही.

मिलमध्ये कोण गेलं होतं? आईला नीट आठवत नाही.

तुमची,
तृप्ती


कोंढा
२५ नोव्हेंबर २०२४

चि. तृप्तीस,
सप्रेम जय भीम.

तुझं पत्र मी तीनदा वाचलं. पिंजऱ्याचं मला पटलं. पिंजरा खुशाल कापू दे. पण शेवटी तू जे लिहिलं, “पट्टा लावूनच चढेल”, ते वाचून मी पत्र मिटून ठेवलं. दोन दिवस जेवण गेलं नाही. शेजारची आनंदाबाई ताट परत घेऊन गेली आणि पाटीवर लिहून गेली, “जेवाचं नसन तं आधी सांगत जा बाप्पा.”

आता तुला सांगतो. बायजालाही हे पूर्ण माहीत नाही.

आमच्या मिलमध्ये धान वर नेणारा एलेव्हेटर होता. उंच लाकडी खोका, त्याच्या आत पट्ट्यावर डबे लावलेले, आणि माथ्यावर पुली. बाजूला तीस फुटांची लोखंडी शिडी भिंतीत रोवलेली. पट्टा ढिला झाला की पुलीवरून उतरायचा. मग खालचा माणूस ओरडायचा, “सुटला”, आणि कोणीतरी वर चढून काठीने तो परत पुलीवर घालायचा. हे सगळं इंजिन चालू असताना. बंद केलं तर पुन्हा चालू करायला चार माणसांनी हँडल मारावं लागे, आणि मालक म्हणायचा, पाच मिनिटांच्या कामाला अर्धा तास कोण घालवेल. आम्हालाही त्यात काही वावगं वाटत नसे.

भैय्याजी नावाचा माझा जोडीदार होता. चढायचं काम त्याचं. त्र्याण्णव साली एकदा त्याचा पाय निसटला, हात मुरगळला, आणि त्याला भीती बसली. म्हणून पुढच्या वेळी त्याच्या कमरेला दोर बांधण्यात आला, आणि वर गेल्यावर त्याने तो तुळईला अडकवला. दोराचं लांब शेपूट खाली लोंबत होतं. ते पुलीने घेतलं. पुढचं मी लिहीत नाही. एवढंच लिहितो की दोर नसता तर तो फार तर पडला असता, हात किंवा पाय मोडून जगला असता. दोराने त्याला सोडलं नाही.

त्या दिवसापासून माझ्या डोक्यात एक गोष्ट पक्की आहे. यंत्राजवळ अंगाला काही बांधायचं नाही. दुपट्टा नाही, मफलर नाही, दोर तर नाहीच. मिलमधल्या प्रत्येक नव्या माणसाला मी हेच सांगायचो आणि माझ्या पाळीत पुन्हा कोणी गेलं नाही.

म्हणून मार्चमध्ये अश्विन कामावर निघाला त्या सकाळी मी त्याला त्याच्या आईच्या फोटोपुढे उभं केलं आणि म्हटलं, “तुले माह्यी आण हाय. कितीबी मोठ्ठा साहेब आला तरी अंगाले काही बांधू नोको.” तो आधी हसला. मी त्याचा हात धरून ठेवला. मग त्याने फोटोला हात लावून म्हटलं, “नाही बांधणार बाबा.” माझ्या डाव्या कानात तोंड घालून म्हटलं, मला स्पष्ट ऐकू आलं.

आणि तू लिहितेस, तो पट्टा लावूनच चढेल. म्हणजे त्याचे साहेब त्याला जबरदस्ती करतात. तो भिडस्त आहे, नाही म्हणणार नाही. तू त्याला फोन कर. एवढंच बघ की त्याने मला दिलेला शब्द पाळला आहे. तुझा गाडा आणि रूळ असेल चांगला, साहेबलोकांसाठी असेल. मला गाठ दिसली की भैय्याजी दिसतो.

रीनाला सांगू नको.

तुझा मामा,
आनंदराव


बुटीबोरी
३ डिसेंबर २०२४

आदरणीय मामाजींना,
सविनय जय भीम.

हे पत्र मी स्पीड पोस्टाने पाठवते आहे. वाचायला बसताना आधी पाणी प्या.

तुम्ही सांगितल्याप्रमाणे मी अश्विनला फोन केला. त्याने तुम्हाला दिलेला शब्द पाळला आहे, मामाजी. आणि मला दुसरी कोणतीही बातमी चालली असती.

त्या शिडीवर रूळ गेल्या महिन्यातच बसला. पिंजराही अजून आहे, कारखाना दुरुस्तीला बंद राहील त्या शटडाऊनमध्ये तो निघेल. अश्विन अंगावर पट्टा चढवतो, कारण त्याशिवाय गेटच्या आत घेत नाहीत. खाली साहेब उभे असतात तोवर हूकही लावतो. मधल्या फलाटावर पोहोचला की हूक काढून टाकतो आणि वरचे तीस फूट मोकळा चढतो. तिथून वरचं खालच्या माणसाला दिसत नाही. गेल्या गुरुवारी वरच्या टप्प्यात भुसीच्या धुळीवरून त्याचे दोन्ही पाय घसरले. तो हातांवर लोंबला, मग एक पाय पिंजऱ्याच्या कड्यात अडकवून कसाबसा परत शिडीवर आला. हे त्याने मला हसत सांगितलं. मी हसले नाही. येत्या सोमवारी शटडाऊन लागला की तिथे ते कडंही नसेल.

मी त्याला खूप बोलले. तो म्हणाला, “ताई, मले सगळं समजते. खाली लावतो तेबी साहेबाच्या धाकानं. पण बाबाची आण हाय. आईच्या फोटोले हात लावून बोललो. बाबानं सुटली म्हणलं तं त्या मिनिटापासून लावतो.” मी म्हटलं, मी सांगते मामाजींना. तर म्हणाला, “नोको सांगू. बाबाले भेव सहन होत नाही. दोन-चार महिन्याची गोष्ट हाय, पक्का झालो का दुसरं काम मागतो.”

मी त्याच्या सुपरवायझरलाही फोन लावला. तो म्हणाला, पोरगा हूक लावतो, मी रोज उभा राहून बघतो. तो खोटं बोलत नाही, तो खालून बघतो. मी परत सांगितलं, तर म्हणाला, मॅडम, तुम्ही तुमचा प्लांट सांभाळा.

आता तुमच्या भैय्याजींचं. मी रोज हेच काम करते म्हणून लिहिते, लहान तोंडी मोठा घास समजू नका. त्यांना दोराने मारलं नाही. चालू इंजिनाने मारलं, आणि ते बंद करण्यासाठी अर्धा तास न देणाऱ्याने मारलं. सायलोजवळ सोमवारी काहीही फिरत नसेल. शटडाऊनमध्ये मोटारीला कुलूप लावतात आणि किल्ली वर चढणाऱ्याच्याच खिशात असते. रुळाला पुली नाही, पट्ट्याला लोंबतं शेपूट नाही. त्या दिवशी भैय्याजींच्या कमरेला ज्याने कोणी दोर बांधला, तो त्या मिलमधला एकटा शहाणा माणूस होता. त्याला निदान सुचलं की वर जाणाऱ्याला कशाचा तरी आधार हवा. बांधायची पद्धत त्याला कोणी शिकवली नव्हती, एवढंच.

शटडाऊन सोमवारी, ९ तारखेला सकाळी आठला सुरू होतो. अश्विन पहिल्याच तुकडीत आहे. घातलेली आण तुम्हीच सोडवू शकता.

तुमची,
तृप्ती


कोंढा
८ डिसेंबर २०२४, रविवार, दुपार

चि. अश्विनास,

हे पत्र तुझ्यासोबत राहणाऱ्या टेकचंदच्या हाती देत आहे. तो लग्नासाठी इकडे भुयार गावी आला होता, आज संध्याकाळच्या बसने खोलीवर परत येईल. त्याला सांगितलं आहे, दुसरं काही विसर, पण हे आधी दे. तो तुझ्यासारखाच हसतो. त्याच्यावर माझा भरवसा नाही, पण आज दुसरा माणूसही नाही.

तृप्तीचं पत्र काल दुपारी आलं. मला सगळं कळलं आहे. फलाटाचं कळलं, गुरुवारचंही कळलं. तिच्यावर रागावू नको.

काल पत्र वाचलं आणि लगेच तुला फोन लावला. फोनमधल्या तुझ्या फोटोवर बोट ठेवलं, फोन तोंडाजवळ धरला आणि बोलत सुटलो. डोळे मिटून बोलत होतो, फोन उचलला की पळतात ते आकडे पळत होते की नाही तेही पाहिलं नाही. जे सांगायचं ते सगळं सांगितलं. मग फोन कानाला लावला, तर नेहमीची खरखर. तू ऐकलंस की कोणी उचललाच नाही, मला कसं कळावं? आनंदाबाईला बोलावून पुन्हा लावायला सांगितलं. तिने पाटीवर लिहिलं, “बंद हाय.” आज सकाळपासून चार वेळा लावून पाहिला, चारही वेळा तेच. रविवारीही तुमची तयारी चालू असेल, आणि फोन गेटवरच्या पेटीत ठेवावा लागतो हे मला माहीत आहे. पण माहीत असून धीर येत नाही. मला फोनवर लिहिता येत नाही, आणि आण दुसऱ्याच्या हाताने निघत नाही, म्हणून फोनवर बोललो ते सगळं पुन्हा लिहितो.

भैय्याजी कसा गेला हे मी तुला कधी पूर्ण सांगितलं नाही. त्याच्या कमरेचा दोर मी बांधला होता. त्याने मागितला नव्हता. हात मुरगळल्यापासून तो शिडीखाली घाबरून उभा राहायचा, तेव्हा मीच म्हटलं, “थांब, तुले बांधतो.” गाठ माझी. दोन हात दोर उरला. नवा कोरा दोर होता, कापायला जीव होईना, म्हणून तसाच सोडला. मग पट्टा उतरला आणि खालून “सुटला” म्हणून ओरडलो तोही मीच. तो वर गेला.

पोलिसांपुढे मी सांगितलं की दोर त्याने स्वतःच बांधला. त्याची बायको शकुनबाई दोन वर्षांपूर्वी गेली, तीही तेच खरं धरून गेली. तुझ्या आईला मी सांगितलं नव्हतं. तुलाही आज सांगतो आहे, ते तुझी शिडी साठ फुटांची आहे म्हणून. नाहीतर सांगितलं नसतं, हेही खरं आहे.

तृप्ती लिहिते की दोर बांधणारा शहाणा होता. तिला माहीत नव्हतं ती कोणाबद्दल लिहिते आहे. ती ओळ मी बोट ठेवून पुन्हा पुन्हा वाचली. ती म्हणते तेवढा शहाणा मी नव्हतो, कारण इंजिन बंद करा हे माझ्या तोंडून निघालं नाही. पण त्यानंतर मी जो शहाणपणा शिकलो तो अर्धाच होता. मिलमध्ये तो बरोबर होता. तिथे दुपट्टा लोंबता ठेवला तर माणूस गेलाच. तोच अर्धा शहाणपणा मी तुझ्या शिडीवर नेऊन ठेवला. भैय्याजीला बांधून मारलं आणि तुला सोडून मारायला निघालो होतो.

तू त्या फोटोला हात लावलास तेव्हा तुझा हात मी धरून ठेवला होता. तू हात सोडवून घ्यायला पाहिजे होता. तृप्तीला एवढं सगळं बोलू शकतोस, तर बापाला एक ओळ पाटीवर लिहिता आली नाही? “बाबा, तुमचं चुकून राहिलं”, एवढंच. मी दोन दिवस रुसलो असतो. रुसून माणूस मरत नाही.

आता ऐक. मला तो शब्द तोंडातून काढवत नाही. एकतीस वर्षं झाली, घरात कोणी “सुटलं” म्हटलं की मी बाहेर निघून जातो, हे तू लहानपणापासून पाहिलं आहेस. बैल सुटला तरी मी “निघाला” म्हणतो. शाळा सुटली म्हणून तू धावत यायचास, तेव्हाही मी तुला गप्प करायचो. आणि तू साठ फुटांवर असताना तुझ्याबद्दल तो शब्द लिहायचा. सकाळपासून तीन कागद फाडले. एकावर “आण मागे घेतो” लिहिलं, एकावर “आण रद्द” लिहिलं, सरकारी कागदासारखं. पण आण अशी रद्द होत नाही हे आपल्या दोघांनाही माहीत आहे. ज्याने घातली त्याने तो एकच शब्द म्हणावा लागतो.

तर लिहितो. सुटली. माझी आण सुटली. तुझ्या आईच्या फोटोपुढे उभा राहून मोठ्याने म्हटली. मला नीट ऐकू आली नाही, पण दारातून आनंदाबाई आत डोकावली, म्हणजे मोठ्याने झाली असावी.

उद्या पट्टा लाव. खालून लाव आणि वरपर्यंत लावून ठेव. फलाटावर हूक काढायचा नाही, आणि काढावा लागलाच तर एका हाताने शिडी धरून, दुसऱ्याने पुन्हा लावल्याशिवाय पाय उचलायचा नाही. लावल्यावर एकदा ओढून बघ. पट्ट्याचं टोक लोंबत असेल तर आत खोच. मोटारीच्या कुलपाची किल्ली स्वतःच्या खिशात घे, दुसऱ्याने “बंद हाय” म्हटलं म्हणून चढू नको. भुसी असेल तर पायरी पुसून पाय ठेव. हे सगळं तुला शिकवलं असेल. तरी लिहितो, कारण लिहिण्यापलीकडे मी इथून काहीच करू शकत नाही.

तुझ्याकडे यावं असं सकाळी मनात आलं. पिशवी भरून स्टँडवर जाऊन बसलो. मग वाटलं, मी त्या शिडीखाली उभा राहिलो तर तू वरून माझ्याकडे बघशील, आणि तेव्हाच तुझा पाय हलेल. परत आलो. आता घरात बसलो आहे आणि हेही बरोबर केलं की नाही, कळत नाही.

रीनाला मी काही सांगितलेलं नाही. पण आता लपवण्यात अर्थ नाही. तिला वाटेल तेव्हा तू सांग, भैय्याजीचंही सांग. उद्या तुझ्या लेकराला मी चालायला शिकवणार. मी कसा माणूस आहे हे तिला ठाऊक असलेलं बरं.

टेकचंद दारात उभा आहे. बस साडेपाचची आहे असं त्याने पाटीवर लिहिलं आहे आणि खाली लिहिलं आहे, “किती लिहिता काकाजी.” वाटेत पवनीला गाडी बदलायची आहे. तो पोहोचेल तेव्हा तू कामावर असशील की खोलीवर, तुला झोपेतून उठवून तो हे देईल की सकाळी देऊ म्हणून उशाला ठेवेल, याचाच विचार डोक्यात घुमतो आहे. उद्या आठ वाजता हे पत्र तुझ्या खिशात असेल की टेकचंदच्या पिशवीत, हे मला इथे बसून कळायचा काही मार्ग नाही.

म्हणून हात जोडून सांगतो, बाप असून सांगतो. पत्र मिळाल्याबरोबर आनंदाबाईच्या फोनवर निरोप टाक, ती मला पाटीवर लिहून दाखवेल. फार लिहू नको, “लावला” एवढंच लिही. उद्या वर जाऊन खाली आलास की पुन्हा लिही, “उतरलो”. मी पाटी मांडीवर घेऊन दारात बसणार आहे. लवकर कळव.

तुझा बाप,
आनंदराव